लेखाआक्षेप क्रमांक सतरा : खुलासा

साहेब,
आपण लाल शाईनं विचारलंय :
'तीन वर्षे खर्च. निष्पत्ती काय?'

निष्पत्ती, काही नाही.
एकशे छप्पन्न मंगळवार, काही नाही.
अहवाल सोबत जोडले आहेत,
प्रत्येकावर तोच शेरा : 'आढळले नाही.'

दर मंगळवारी पहाटे
मल्लेशम गड्डम शेळगीच्या नाल्यात उतरतो.
हातात मोजे, दोरीला बाटली.
विडी घरकुलाचं, जोडभावी पेठेचं,
अर्ध्या शहराचं रात्रीचं पोट
त्या अर्ध्या लिटरात येतं.
बाटली तो उजेडाकडे धरतो,
वडील मागावर चादरीचा ताणा बघायचे तशी.
एक धागा तुटलेला दिसला
की अख्खा माग थांबवायचे ते.
मग बर्फाचा डबा, मग पुण्याची एसटी.
कंडक्टर विचारतो, "काय, आंबे का?"
मल्लेशम म्हणतो, "हो. अजून पिकले नाहीत."

तिथल्या यंत्रातून निघालेला आमच्या गटाराचा आकडा
पुढं कुठं कुठं जातो, मला नीट ठाऊक नाही.
दिल्ली म्हणतात. समुद्रापलीकडंही म्हणतात.
तिथं माझ्यासारखाच कुणी लिपिक
डोळे चोळत रकाने भरत असेल :
त्याच्याकडच्या कोंबड्या, वटवाघळं, ताप.
त्यानं एक आकडा दडवला
तर इथं अशोक चौकातला चहा बंद होतो.
मी एक विसरलो
तर त्याच्या गावचा.
एवढीच आमची ओळख.

साहेब, रेकॉर्ड रूममध्ये प्लेगच्या सालातलं एक बाड आहे,
वाळवीनं अर्धं खाल्लेलं.
नाव, पेठ, तारीख. बोरूचं वळणदार अक्षर.
चाळिसाव्या पानावर ते घाईचं होतं.
बेचाळिसाव्यावर अक्षरच बदलतं,
आणि त्या नव्या अक्षरातली पहिली नोंद :
'सदर बाड लिहिणारा कारकून, मंगळवार पेठ.'

मी ते फार उशिरा वाचलं.

त्याआधीच्या एका मार्चअखेरीला
रहेमतबी नदाफ, परिचारिका,
एक पानी टिपणी घेऊन माझ्या टेबलापाशी उभी होती.
चाळीस सिलेंडर, दोन खोल्या, एक फ्रिज.
तिला बस म्हणालो नाही.
माझं अक्षर चांगलं आहे, सगळे म्हणतात.
समासात लिहिलं :
'तूर्त गरज दिसून येत नाही.'
निधी परत गेला.
पुढच्या उन्हाळ्यात माग मुके झाले,
विडीची पानं सुपातच वाळली,
आणि दवाखान्यात सिलेंडर होते अकरा.
यादी माझ्याकडं होती.
तिचं नाव मीच लिहिलं.
त्याच चांगल्या अक्षरात.

जळिताचा पंचनामा होतो, पुराचा होतो.
न घडलेल्याचा कसा करायचा,
पंच कुठून आणायचे?
कोण सही करील की
या मंगळवारी इथून काही गेलं नाही,
आणि कुणी गेलं नाही?

होटगी रोडच्या गोदामातले चाळीस सिलेंडर
'एकदाही वापरात आले नाहीत', हे आपलं म्हणणं खरं आहे.
दर महिन्याला मी कुलूप काढून आत जातो,
एकेकाचा काटा बघतो.
काटा हिरव्यात असतो.
पुन्हा कुलूप लावतो.
घरी येऊन नीट जेवतो.

तरी आक्षेप वगळण्यात यावा, ही विनंती.

रेवणसिद्ध कलशेट्टी
वरिष्ठ लिपिक, आरोग्य विभाग

ता.क.
बर्फाचं बिल आपल्याला जास्त वाटेल.
एप्रिलात इथं पारा त्रेचाळीसला जातो,
डबा स्टँडवर पोचेपर्यंत निम्म्याचं पाणी होतं.
मल्लेशम आता दुप्पट घेतो.
मी मंजूर केलंय.
का, म्हणून विचारलं नाही.