देसूरच्या अलीकडे

खानापुरात मुंज तीन तासांत उरकली,
दुपारी हॉल दुसऱ्यांना दिलेला.
शार्दूलच्या डोक्यावरून मशीन फिरलं,
मोबाईल आत्याच्या पर्समध्ये गेला.

लुयांडा, आमच्या वरच्या खोलीतला,
सर्जरी शिकायला आलेला झोसा पोरगा,
जिलेबी तशीच ठेवून बघत होता.
"तुमच्यात असतंय काय रे असलं?" काकूंनी विचारलं.

असतं, म्हणाला. डोंगरावर. महिनाभर.
अंगाला पांढरी माती, एक घोंगडी.
शेवटी झोपडी पेटवतात,
निघताना वळून बघायचं नसतं.
बाकीचं सांगायचं नसतं.
काकूंनी मठ्ठा वाढला.

परतीच्या बसमध्ये, देसूरच्या अलीकडे,
न विचारता बोलला:
दोघं भाऊ गेलो होतो.
उतरलो मी एकटा.
जखम चिघळलेली, अंगात ताप,
त्यानं सांगितलंच नाही.
पुरुष सांगत नाही.

मग मला सकाळ आठवली.
मशीनच्या आवाजाला भिऊन शार्दूल रडला,
मामा म्हणाले, मोठा झालास की आता, गप.
सगळे हसले.
तेव्हा हा खुर्ची सरकवून उठला होता,
चप्पल काढून पाटाशी उकिडवा बसला होता,
आणि मोडक्या मराठीत
विचारलं होतं त्याला:
दुखतंय?
कुठं?