गोळा करणारा: सुपडू कोळी

बाटलीत सत्तर टक्के अल्कोहोल,
त्यात साडेचार मिलिमीटरचा एक नर.
चिठ्ठी पेन्सिलीनंच लिहायची, शाई विरघळते:
अडावदच्या पुढे, सागाचा पाचोळा,
समुद्रसपाटीपासून दोनशे ऐंशी मीटर,
सतरा मे, पारा चव्वेचाळीस.
गोळा करणारा: सुपडू कोळी.

सुपडू खांद्यावरून डोकावला,
"मी बी कोळी, हाऊ बी कोळी, मॅडम.
दोन्हीस्ना कागद पेंडिंग शे."

हा जाळं विणत नाही.
मुरमावर हिंडतो, पानाखाली दबा धरतो,
आठातले पुढचे दोन डोळे
रात्रीच्या ट्रकसारखे,
आणि उडी घेण्याआधी
जमिनीला एक धागा डकवून ठेवतो.
उडी चुकली तर परतायला.

स्टेनेलुरिलस. इथवर मी शपथेवर सांगते,
पाठीवरचे दोन पांढरे पट्टे साक्षीला आहेत.
प्रजाती कळली.
जात कळत नाही.
त्यासाठी तोंडापाशी धरलेली त्याची इवली मूठ
सुईनं उलटी करायची,
आणि आतला काटा कुठे वळतो ते बघत
मान मोडेपर्यंत बसायचं.

असं एकदा झालंय म्हणतात:
नर एका नावानं, मादी दुसऱ्या,
तीस वर्षं दोन वेगळ्या कपाटांत.
एका दगडाखाली दोघांना कुणी बघितलंच नव्हतं.
बघितलं, तेव्हा एक नाव मोडीत निघालं.
कुणाचं, ते विचारू नका.

समितीनं सुपडूला विचारलं,
कुलदैवत कोणतं, हळद कोण लावतं,
आजोबांच्या शाळेच्या दाखल्यावर
'टोकरे' शब्द का नाही?
आजोबा शाळेत गेले नव्हते.
ते तापीच्या वाळूत डांगरवाडी करायचे.
हे लिहायला अर्जात रकाना नव्हता.

माझ्या भिंतीवरच्या नकाशात
आफ्रिकेवर ठिपके गोवरासारखे,
मग विरळ, विरळ,
आणि सातपुड्यापासून तापीपर्यंत कोरं.
'आढळत नाही' असं माझ्याच हातचं,
मागच्या वर्षीचं.
ते खोडून लिहिलं: शोधलं नाही.
म्हणजे त्या पाचोळ्यात
भर उन्हात गुडघे टेकून
कुणी बसलं नव्हतं, सुपडूखेरीज.

काल त्यानं आणखी एक आणला,
बामच्या डबीत, जिवंत.
पिल्लू आहे. पिल्लाची जात ठरत नाही,
शेवटची कात टाकेपर्यंत थांबावं लागतं.
तोवर माश्या धरून घाला त्याला.

सोबत त्याची हर्षाली होती.
तीस तारखेच्या आत वैधता दिली नाही
तर तिची इंजिनिअरिंगची जागा जाणार.
ती डबीवर वाकली.
पिल्लू पाठमोरं होतं.
ते अख्खं वळलं, टप्प्याटप्प्यानं,
आणि पुढचे दोन डोळे तिच्यावर लावून
थांबलं.

"हे माझ्याकडेच बघतंय," ती म्हणाली.
सुपडू माश्या धरायला बाहेर गेला.
चिठ्ठी मी अजून लिहिलेली नाही.