पुकारा

दारव्ह्याच्या कोर्टात मी पट्टेवाला होतो, एकोनतीस वर्षं.
काम एकच: व्हरांड्यात उभं राहून नावं पुकारनं.
तीनदा. मंग कोनी नाही आलं
तर आत लिहीत, गैरहजर.

राजूरकर वकीलसाहेब, मी म्हनो. चांडक वकीलसाहेब.
आन् उदेभान मनवर.
बस, तेवढंच.
साहेब माह्या दातात अडके, सुपारीच्या खांडकावानी.
तो कोट झटकत उठे,
नागपूरच्या जुन्या बाजारातला कोट, बाह्या बोटभर आखूड,
आन् जाता जाता म्हने, "आलो, शेषराव."

बाररूमात रांजन होता, त्याच्यावर पितळी पेला.
त्यानं कोनाले काही म्हटलं नाही.
आपला जर्मनचा पेला आनला, खिडकीच्या खिळ्याले टांगला.
पानी मी ओतो.
वरून, हातभर उंचीवरून.

त्याचे पक्षकार पायी येत, भाकरी बांधून.
फी म्हून दोन पायल्या ज्वारी,
एकदा तर पाय बांधलेली कोंबडी.
आत त्याची उलटतपासनी चाले
आन् बाहेर कोंबडी मले सांभाळा लागे.

बोदडीच्या विहिरीचा दावा नऊ वर्षं चालला.
जितला तो. पन तवर विहीर बुजली होती,
आतून बाभूळ वर आलेली.
लोकं हिरमुसले.
"नक्कल जपून ठेवा," तो म्हने,
"पुढच्या विहिरीले कामी येईल."

मंग माह्या पोट्ट्याले पोलिसानं उचललं,
जिनिंगातल्या चोरीसाठी, जी त्यानं केली नव्हती.
राजूरकरसाहेबानं फी सांगितली,
मी बाकावरच बसलो.
रातच्याले मनवराच्या घरी गेलो, मागच्या गल्लीनं.
त्याच्या बायकोनं पानी आनून ठेवलं.
मे महिना. जीभ टाळूले चिकटलेली.
म्हटलं, "तहान नाही जी."

त्यानं पेल्याकडं पाह्यलं, मंग माह्याकडं.
पेला उचलला, स्वताच गटागटा पेला.
"मले होती," म्हने. "सांगा आता."

पोट्टा सुटला.
फी विचारली तर म्हने, बोर्डिंगच्या छपराले चार टिनं पाह्यजेत.
तीन मी डोक्यावर नेऊन देल्ले.
चौथं राह्यलं.

दुसऱ्या सोमवारी पुकारलं, उदेभान मनवर वकीलसाहेब.
आवाज मधातच फाटला.
मुन्सफानं कागदातून मान वर केली.
ते तसेच उठले, तसाच कोट झटकला.
"आलो, शेषराव."

ते गेले तवा कोर्ट चालू होतं.
यादीत अकरावा दावा त्यायचा.
खबर सकाळीच आलती, सगळ्याइले ठावं.
तरी आतून हुकूम आला, पुकारा.
मी व्हरांड्यात गेलो.
समोर निंबाखाली त्यायचे पक्षकार बसले होते,
बोदडीची म्हातारी, मांडीवर नकलेची पिशवी.

नेम तीनदा पुकारायचा आहे.
मी दोनदाच पुकारलं.