उच्छ्वास क्रमांक सत्तावीस

आमच्या पुण्यात आवाज पाण्यातून चालत येतो.
कात्रजच्या तळ्याशी कुणी घड्यात तोंड घालून बोललं,
घडा नळाच्या तोंडाशी पालथा घातला,
की इकडे कसब्यात, दोन घटकांनी,
माझ्या हौदावरचं तांब्याचं पातं
ओठासारखं हलायला लागतं.

मी सत्तावीस नंबरच्या उच्छ्वासाची कानकरीण.
जमिनीतून वर आलेलं दगडी नरडं,
त्याच्या तोंडाशी माझं घोंगडं, माझी पाटी, माझा डावा कान.
निरोप उतरवायचा, नाव पुकारायचं, पै घ्यायची.
टोमण्याला दोन पै.
तो तळाशी घासत येतो, नळ खरवडतो.
सदाशिव पेठेचा हिशेब म्हणून वेगळ्या वहीत.

पाणी थोडं आपलंही घालतं बोलण्यात.
‘येतो’ म्हटलेलं ‘येईन’ होऊन पोचतं.
‘स’ विरघळतो, ‘ळ’ मात्र
कातळावरून कोरडाच घरंगळत येतो.
आणि रडत बोललेलं
रडत बोललंय हे कधीच कळत नाही.
ओलं ओल्यात.

घडे सगळे तांबट आळीतले.
माझा बाप ठोकायचा, त्रिंबक करडे.
एका घड्याला नऊ हजार ठोके;
एक चुकला तर त्या जागी शब्द लंगडतो.
शहराला कान करून देता देता
त्याचे दोन गेले.
आळीत याचं कुणाला नवल नाही,
तिथे म्हातारे भुवयांनीच भांडतात.

फाल्गुनात नळ कोरडा करून गाळ काढतात.
कुणी न्यायलाच आलं नाही असे निरोप
फावड्याच्या धक्क्याने एकदम सुटतात:
मिठाची उधारी, दार लावून घे, अगं ऐक,
रेवड्यांचा भाव, एक सणसणीत शिवी, परत अगं ऐक.
ऐकायचे नाहीत असा नियम आहे.
सगळे ऐकतात.

यंदा शेवटच्या टोपलीत एक घडाच निघाला.
झाकणासकट सोडलेला, नवख्या माणसाने सोडावा तसा,
हिरवा पडलेला. बुडाला आमच्या घराची खूण.
आई माहेरी कात्रजला गेली त्या वर्षी
तापाची साथ होती, वरचा नळ महिनाभर बंद होता.
नळ उघडला. ती आली नाही.

झाकण किलकिलं करून मी कान लावला.
शब्द नव्हता.
बोलण्याआधी माणूस घेतो तेवढा श्वास,
आणि झाकण बसल्याचा टण्णकन आवाज.
झालं.

एकतीस वर्षं बसले या दगडाशी,
श्वासाला अक्षर नाही माझ्याकडे.
पाटी पुसली, परत पुसली,
घडा पदराखाली धरून आळीत गेले.

बाप भट्टीशी बसला होता, भट्टी विझलेली.
त्याच्या जबड्याला घडा टेकवला,
तो दातांनी ऐकतो हल्ली.
बराच वेळ डोळे मिटून राहिला.
मग त्याचा अंगठा फिरला,
बुडावरून पोटावर, पोटावरून गळ्याशी, आणि थांबला.

‘इथे एक ठोका कमी आहे,’ म्हणाला, फार मोठ्याने,
बहिरी माणसं बोलतात तसं.
‘घाई होती. गाडी दाराशी आली होती,
तिला रिकाम्या हाताने कसं पाठवायचं.’

हातोडी उचलली त्याने.
त्या जागेवर टेकवली.
मी झाकण घट्ट दाबून धरलं, का ते माहीत नाही.
बाहेर नऊ जण नऊ घड्यांवर ठोकत होते.

हातोडी खाली ठेवली.
कनवटीला हात घातला,
आणि मला विचारलं, ‘पै किती झाली?’