नायनांचा उजवा पाय

अशोक चौकाच्या सिग्नलला पहिल्यांदा ऐकलं.
बारीक, किरकिरं,
पाटीवर कुणी नखानं रेघ ओढावी तसं.
मी रेडिओ मोठा केला.
दिवसभर बँकेत दुसऱ्यांचे थकलेले हप्ते मोजते मी,
स्वतःच्या गाडीचं थकलेलं मोजायला संध्याकाळी
जीव उरत नाही.

शेजारी नायना.
छत्तीस वर्षं मागावर,
दोन्ही कान तिथंच ठेवून आलेले.
त्यांना ती किरकिर ऐकू येणं शक्यच नव्हतं.
तरी चौक जवळ आला की त्यांचा उजवा पाय
रबरी मॅटवर दाबला जायचा,
जिथं पॅडल नाही तिथं.
मला वाटायचं, माझ्यावर भरवसा नाही.
एक्केचाळिसाव्या वर्षी गाडी शिकलेल्या मुलीवर
कुणाचा असतो?

मग मे महिना. तुळजापूरहून परतताना, घाटात,
पुढं कडब्याचा ट्रक,
मी उतारभर पाय ब्रेकवर ठेवलेला, अडाण्यासारखा.
तिसऱ्या वळणाला पॅडल आत गेलं.
ओल्या कणकेत बोट जावं तसं. आणि खाली काहीच नव्हतं.
"आगु," नायना म्हणाले. थांब.
जणू मी थांबत नव्हते ते हौसेनं.
दुसरा गिअर टाकला, मग पहिला. पॅडल दाबलं, सोडलं, दाबलं.
हँडब्रेक चढवला, दातादातानं.
ट्रकची पाटी वाचता येईल इतकी जवळ आली
आणि हळूहळू पुन्हा लांब गेली.

खाली चिंचेच्या सावलीत नायनांनी चाकाजवळ नाक नेलं.
"पट्टा जळला की माग असाच वास मारायचा."

होटगी रोडला इलाही नालबंद.
आजोबा टांग्याच्या घोड्यांना नाल ठोकायचे,
नातू चाकं खोलतो.
पॅड हातावर ठेवलं: डाव्या चाकाचं बरं,
उजव्याचं पापुद्र्याइतकं,
मागं नुसतं लोखंड, डिस्कवर त्याच्या रेघा.
"म्हणून गाडी डावीकडं ओढत होती, ताई.
आणि हे तेल बघा. काकवी झालीय.
ब्रेकचं तेल हवेतलं पाणी पितं.
दोन वर्षांत बदलायचं.
नाहीतर तापलं की उकळतं, बुडबुडे होतात,
मग तुम्ही बुडबुडा दाबता, चाक नाही.
आणि कमी दिसलं म्हणून वरून ओतू नका नुसतं,
कमी का झालं ते आधी विचारा."

मग त्यानं एक पत्र्याची जीभ दाखवली, पॅडला चिकटलेली.
"हिला बोलायलाच ठेवलेलं असतं.
झिजत आलं की ही ओरडते.
किती दिवस ओरडत होती?"
"आठेक दिवस," मी म्हणाले.
मागावरची माणसं ओठ वाचतात, हे मी विसरले होते.
स्टुलावरून नायनांनी तीन बोटं वर केली.
"महिने," म्हणाले. "तळव्याला कळतं."

परतताना अक्कलकोट रोडच्या बंद कारखान्यापाशी
त्यांनी आपणहून तोंड उघडलं.
धागा तुटला की माग आपोआप थांबायचा.
थांबला की पगार कापला जायचा.
म्हणून आम्ही तार बांधून ठेवायचो,
थांबूच नये म्हणून.
"माझीही बांधलेली होती. यल्लप्पाच्या डोळ्यात धोटा गेला
त्या दिवशी."
पुढं बोलले नाहीत. मीही विचारलं नाही.
नव्या पॅडना पहिले दोनशे किलोमीटर जपायचं असतं,
मी सावकाश चालवत होते.

आता रेडिओ बंद असतो.
चौक आला की मी सिग्नलआधी त्यांच्या पायाकडं बघते.
परवा तो हलला नाही,
चपलेतून अर्धा बाहेर, गाढ झोपलेला.
तरी घरी पोचल्यावर बॉनेट उघडलं,
टॉर्च मारला,
आणि तेल रेघेच्या वर आहे का ते बघितलंच.