उसना आवाज

पेपरात आठव्या पानावर, पाणीपुरवठा बंदच्या खाली
तीन ओळी:
पोलंडचे नट सेवेरिन व्हिल्गोत्स्की यांचे लॉड्झ येथे निधन. वय एक्याऐंशी.
चूक आहे. त्र्याऐंशी.
मला माहीत असायलाच हवं.
अकरा सिनेमे तो माझ्या तोंडून मराठी बोलला आहे.

धंतोलीतल्या शाळेचं सभागृह, घडीच्या लोखंडी खुर्च्या.
दूतावासाचे पत्र्याचे डबे स्टेशनवरून सायकलरिक्षानं यायचे.
पडद्यावर खाली अक्षरं नसायची.
डब्यात संवादांचे टाइप केलेले इंग्रजी कागद,
कार्बनची तिसरी प्रत, निम्मी अंदाजानं वाचायची.
दिवसभर एजी ऑफिसात मी परक्यांच्या पेन्शनी तपासायचो,
रात्री ह्याचं बोलणं मराठीत उतरवायचो.
सिंधू विचारायची, हे कोण तुमच्या नात्यातले?
शनिवारी पडद्याच्या डाव्या अंगाला
टॉर्चवर रुमाल बांधून माइकपुढे बसायचो.

पहिल्या डब्यात तो चोवीस वर्षांचा,
पडक्या शहरात सायकलवरून पाव पोचवणारं पोरगं.
शेवटी भिंतीशी उभं करतात त्याला.
तो एवढंच म्हणतो, थांबा, बूट बांधू दे.
मी म्हटलं,
आणि मागच्या रांगेत कुणीतरी पुटपुटलं,
‘बांधू दे ना बे त्याले.’

डबे क्रमानं येत नसत.
मार्चमध्ये त्याला टक्कल, जूनमध्ये पुन्हा दाट केस.
ट्रामचा ड्रायव्हर, मग गुरांचा डॉक्टर,
मग बायकोपासून कर्ज लपवणारा नवरा,
त्या रात्री मला घरी जाऊन सिंधूकडे बघवेना.
त्याचं आयुष्य मला असं उलटसुलट मिळालं
आणि मी ते तसंच जगलो, त्याच्या मागून अर्ध्या सेकंदानं.

खरं काम रंगभूमीवरचं, असं तो म्हणायचा म्हणे.
बावीस वर्षं एकच थिएटर.
त्यातलं माझ्याकडे एक छायाचित्र आहे:
हात वर, तोंड उघडं.
त्या उघड्या तोंडात कुठला शब्द होता
ते मला कुणी टाइप करून पाठवलं नाही.

अठ्ठ्याहत्तरचा मे. शिष्टमंडळ दिल्लीहून मद्रासला,
जी.टी. नागपूरला थोडाच वेळ थांबणार.
संत्र्यांचा मोसम नव्हता, मी पाण्याची सुराही घेऊन गेलो.
दुभाष्यानं ओठांवर बोट ठेवलं.
तो झोपला होता.
भिजलेलं बनियन, एकाच पायात मोजा, तोंड पुन्हा उघडं.
झोपेचा अभिनय त्यानं एकदाही केला नव्हता, म्हणून
मला नवं होतं ते सगळं.
सुराही खिडकीतून आत सरकवली. गाडी सुटली.
तो प्यायला का, माहीत नाही.

मग तिकडे बंदूकधारी रस्त्यावर आले, डबे थांबले.
ऐकलं की त्यानं टीव्हीवर दिसायला नकार दिला,
लोकांच्या घरात, पडदे ओढून, कविता वाचायचा.
त्या वर्षी मी बढती घेतली.

शेवटचा डबा नव्वदला आला. त्यात कागदच नव्हते.
अर्धांग झालेला म्हातारा, दीड तास, एक शब्द नाही.
मी तरी टॉर्च लावून बसलो, सवयीनं,
तो चमचा उचलायला गेला की माझा हात उठायचा.
खेळ संपल्यावर हुसेनभाई रीळ गुंडाळत म्हणाले,
साब, माइक चालू होता.
लोक दीड तास तुमचा श्वास ऐकत होते.
कुणी उठलं नाही.

पेपर अजून मांडीवर आहे.
शहराचं नाव लॉड्झ नाही, वूच.
मीही अकरा सिनेमे लॉड्झच म्हणत होतो, अंधारात, माइकवर,
त्यानं कधी टोकलं नाही.
लाल पेन काढलं, समासात दोन्ही दुरुस्त केलं,
आकडा आणि गाव.
खाली सही केली: दि. ना. घटवाई.
तारीख घातली.