रविवारची गिरणी

तीन हजार आठशेचं तांबं होतं मोटारीत,
पोरानं भंगारात सहाशेला दिलं.
चोरीपेक्षा तेच जास्त झोंबलं मला:
त्याला भावही ठाऊक नव्हता.

मंडळापुढे आम्ही एकाच बाकावर,
मी, त्याची आई, मधे सुमेध.
ओठावर नुकती काळसर रेघ,
पायात बहिणीची चप्पल.
मॅडम म्हणाल्या, भिवंडीला निरीक्षणगृह आहे,
नाहीतर दुसरा रस्ता, पण त्याला तुमचा होकार लागेल.
कुठून कुठे जातो, मी विचारलं.
त्याच्या घरापासून तुमच्या गिरणीपर्यंत.

दिघ्यात बातमी पिठासारखी उडते.
घुलेमामा म्हणाले,
चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या!
जामदारखाना कसला, मामा,
डालड्याचा डबा, त्यात चिल्लर.
तरी पहिले दोन रविवार
डबा मी मांडीखालीच ठेवला. खोटं कशाला बोलू.

तिसऱ्या रविवारी
एकादशीच्या भगरीवर त्यानं बाजरी ओतली.
शेवंताबाईंनी गल्ली डोक्यावर घेतली.
तो भिंतीला चिकटून, खांदे कानांपर्यंत,
मार कुठून येणार याचा अंदाज घेत.
मी वाण्याकडून भगर आणून दिली
आणि त्याच्या वहीत लिहिलं:
एक किलो, बाकी.

पाचव्या रविवारी आलाच नाही.
शटर अर्धं ओढून टेकडी चढले.
नळाच्या रांगेत उभा होता, सात हंडे लावून,
आत आई तापानं फणफणलेली.
वहीत ‘गैरहजर’ लिहायचं होतं,
पेन खालीच राहिलं होतं.
दोन हंडे मी उचलले.

मग गणपतीच्या तोंडावर मोटार आपसूक जळली.
ऐरोलीहून इरफान वाइंडर आला,
फतकल मारून बसला,
तार भरू लागला.
सुमेध शेजारी उकिडवा,
ओठांतल्या ओठांत वेढे मोजत.
एकशे बारा, एकशे तेरा…
इरफान चुकला तिथे यानं थांबवलं.
तांबं त्यानं आजवर ओरबाडूनच पाहिलं होतं,
भरताना कधी नाही.

काल नगराळेबाई फॉर्म घेऊन आल्या.
वर्तनात सुधारणा: होय, नाही.
खुणेला दोनच चौकोन.
मी पिठाचे हात पुसले,
विचारलं, बाई,
‘भगर देणं आहे’ हे कुठे लिहू?

आतून तो ओरडला,
पट्टा सुटतोय, मावशी,
आधी इकडे या.